चौदा ते अठरा : ही चार वर्षं कुणाची?

साखऱ्याच्या एका बैठकीत मी बायकांना विचारलं, मुलगी मोठी कधी होते? बैठकीचा विषय बालविवाह होता, भिंतीवर पोस्टर लावलेलं होतं, आणि मला अपेक्षित उत्तर अर्थातच 'अठराव्या वर्षी' हे होतं. पहिलं उत्तर आलं, "न्हाण आलं की." दुसरी म्हणाली, "धाकट्या लेकरांना सांभाळून भाकरी थापाय लागली की झाली मोठी." तिसरी बाई दरसाल ऊसतोडीला जाणारी. ती म्हणाली, "डोक्यावर मोळी घेऊन ट्रॅक्टरवर चढाय लागली की मोठी. त्याच्या आधी मुकादम तिला मोजतच नाही." पोस्टरवरचा आकडा कुणीच उच्चारला नाही. शेवटी एक आजी माझी समजूत घातल्यासारखी म्हणाली, "अठरा हे कागदाचं झालं, बाई."

मी समाजकार्यात एम.ए. केलं आहे. अशा उत्तरांपुढे 'अज्ञान', 'जनजागृतीचा अभाव' असे शब्द लिहून अहवाल पूर्ण करायचं शिक्षण आम्हाला मिळालेलं असतं. पण त्या बायका अज्ञानी नव्हत्या. अठरा हा आकडा त्यांना माझ्याइतकाच माहीत होता. त्यांनी फक्त खरं उत्तर दिलं : मुलीकडून जे काम करून घ्यायचं असतं, त्यावरून तिचं वय ठरतं. रागवायचंच असेल तर त्यांच्यावर रागवण्याआधी आपण आपल्या कायद्यांकडे एकदा नीट बघू.

सज्ञान होण्याचं वय १८, हे १८७५ च्या सज्ञानता कायद्यापासून चालत आलं आहे. पण तोच कायदा लग्न, घटस्फोट आणि दत्तक हे विषय स्वतःच्या बाहेर ठेवतो. संविधानाच्या कलम २४ नुसार १४ वर्षांखालच्या मुलांना कारखान्यात, खाणीत किंवा धोक्याच्या कामावर ठेवता येत नाही. २०१६ च्या दुरुस्तीनंतर १४ खालच्या मुलांना सगळ्याच कामांवर बंदी आहे. मात्र शाळेनंतर आणि सुट्टीत कुटुंबाला 'मदत' करायला सूट आहे. १४ ते १८ वयाच्या मुलांना धोकादायक ठरवलेली कामं सोडून बाकी कामं मोकळी आहेत. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने ६ ते १४ या वयाला मोफत आणि सक्तीच्या शिक्षणाचा हक्क दिला. मत द्यायला पूर्वी २१ वर्षं लागत, ६१ व्या घटनादुरुस्तीने १९८९ पासून १८ लागतात. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीला उभं राहायला २१ लागतात. लग्नाला मुलीला १८ आणि मुलाला २१. २०१२ च्या पोक्सो कायद्याप्रमाणे १८ च्या आत मुलीच्या संमतीला अर्थ नाही. आणि २०२४ साली आलेल्या 'लाडकी बहीण' योजनेचे दीड हजार रुपये मिळायला २१ पूर्ण व्हावी लागतात.

हे आकडे एका ओळीत मांडले की एक भगदाड लख्ख दिसतं. शाळेचा हक्क चौदाव्या वर्षी संपतो. काम चौदाव्या वर्षी खुलं होतं. लग्न मात्र अठरापर्यंत बंद. मग मधली चार वर्षं मुलीने काय करायचं? कायदा तिला 'हे करू नकोस' एवढंच सांगतो. 'हे कर, आणि त्यासाठी मी तुझ्या पाठीशी आहे' असं तो सांगत नाही. जिथे कायदा गप्प बसतो तिथे भावकी बोलते, सोयरे बोलतात, मुकादम बोलतो. मराठवाड्यातले बहुतेक बालविवाह याच चार वर्षांत होतात, यात योगायोग काही नाही.

त्या 'मदती'च्या सवलतीचाही विचार करा. मुलगा चहाच्या टपरीवर कप विसळत असला तर तो बालमजूर म्हणून डोळ्यांत भरतो. त्याची बहीण पहाटे उठून पाणी भरते, झाडलोट करते, धाकट्याला कडेवर घेऊन फिरते, आई रानात गेली की चूल सांभाळते. ती मजूर नाही, ती आईला 'मदत' करते. मुलींचं काम ज्या शब्दाआड कायम लपलं, तोच शब्द कायद्याने उचलून सवलत म्हणून लिहून ठेवला.

कायद्याने मुलीचे असे तुकडे करणं नवं नाही. १८९१ साल आठवा. त्या वर्षी संमतिवयाचा कायदा झाला. शरीरसंबंधासाठी मुलीचं किमान वय १० वरून १२ करण्यात आलं. कलकत्त्याच्या फुलमणी दासी या बालवधूचा नवऱ्याच्या बळजबरीने मृत्यू झाला होता, बेहरामजी मलबारींनी या सुधारणेचा ध्यास घेतला होता. तरी त्या दोन वर्षांच्या वाढीवरून पुण्या-मुंबईत केवढं रण माजलं! टिळकांनी सरकारने यात हात घालू नये म्हणून जोरदार विरोध केला. हे आपल्याला माहीत आहे, शाळेत शिकवलं जातं. पण त्याच १८९१ मध्ये फॅक्टरी कायद्यातही सुधारणा झाली आणि कारखान्यात कामाला लावण्याचं किमान वय ७ वरून ९ झालं, हे सहसा कुणाला आठवत नाही. म्हणजे नऊ वर्षांची पोर गिरणीत उभी राहू शकत होती, आणि नवऱ्याने तिच्या बाराव्या वर्षापर्यंत थांबावं की नाही यावर सभा गाजत होत्या. एकीकडे धर्म बुडत होता, दुसरीकडे गिरणीमालकांचा नफा. ती मुलगी मात्र दोन्हीकडे एकच असू शकते, हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

आजही तसंच चाललं आहे. बालविवाह महिला व बालविकास विभागाकडे, बालमजुरी कामगार विभागाकडे, शाळा शिक्षण विभागाकडे. तीन टेबलं, तीन रजिस्टरं. पंधरा वर्षांची मुलगी लग्नामुळे शाळेतून सुटते, की शाळा सुटली म्हणून लग्नाला उभी राहते, की ऊसतोडीला जोडी हवी म्हणून दोन्ही होतं, हा प्रश्न कोणत्याच रजिस्टरमध्ये बसत नाही.

आकडे सांगते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या पाचव्या फेरीनुसार महाराष्ट्रात २० ते २४ वयाच्या सुमारे २२ टक्के स्त्रियांचं लग्न अठराच्या आत झालेलं होतं. परभणी जिल्ह्यात हे प्रमाण ४८ टक्के निघालं, बीडमध्ये जवळपास ४४. आमचा हिंगोली जिल्हा १ मे १९९९ पर्यंत परभणीचाच भाग होता. जिल्हा वेगळा झाला, मुलींचं नशीब फारसं वेगळं झालं नाही. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीचं वय १४ केलं, १९४९ मध्ये ते १५ झालं, १९७८ मध्ये १८ झालं. २००६ मध्ये नवा बालविवाह प्रतिबंधक कायदा आला. गावात ग्रामसेवक हा प्रतिबंधक अधिकारी झाला, अंगणवाडी सेविका त्याची सहायक. कागदावरचं वय जवळजवळ शंभर वर्षं चढतं आहे. मग ४८ टक्के का?

कारण वय वाढवायला खर्च येत नाही. शाळा, वसतिगृह आणि बस द्यायला येतो.

ऊसतोडीला जाणाऱ्या घराकडे बघा. तिथे मजूर माणसांत मोजत नाहीत, 'कोयत्यात' मोजतात. एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. मुकादम उचल देतो ती कोयत्याला. एकटा गडी म्हणजे अर्धा कोयता, त्याला उचल कमी आणि भावही कमी. पोरगा अठरा-एकोणीसचा झाला की घरचे म्हणतात, याचा कोयता करून टाकू. कोयता करायचा म्हणजे बायको आणायची. दिवाळीच्या पुढेमागे टोळ्या निघायच्या आत लग्नं उरकायची घाई होते ती यातूनच. त्या लग्नात मुलगी सून म्हणून येते तेवढीच मजूर म्हणूनही येते, पण तिची मजुरी तिच्या नावावर कुठेच लिहिली जात नाही. वजन टनात, हिशेब कोयत्याचा, पैसा गड्याच्या हातात.

आणि मुलीच्या आईकडेही बघा. सहा महिने फडावर जायचं, कोपीला दार नाही. पोरीला सोबत नेलं तर शाळा बुडते आणि भीती वाटते. मागे ठेवलं तर म्हाताऱ्या आजीच्या भरवशावर ठेवायचं. "तिला काही झालं तर तुमी येणार का, ताई?" असं एका आईने मला तोंडावर विचारलं. मी गप्प बसले. तिला मुलीचा छळ करायचा नव्हता. दुसरं सुरक्षित दार तिला कुणी दाखवलंच नव्हतं.

आता माझ्या स्वतःच्या कामातली एक गोष्ट सांगते. गावाचं नाव लिहीत नाही, मुलीचंही नाही. नववीतून शाळा सुटलेली पंधरा वर्षांची मुलगी, साखरपुड्यातच लग्न लावायचा बेत. आम्हाला आदल्या रात्री निरोप मिळाला. सकाळी अंगणवाडीताई, ग्रामसेवक, पोलीस आणि मी असे पोचलो. मांडव उतरवला, वडिलांकडून 'अठरा पूर्ण होईपर्यंत लग्न करणार नाही' असं लिहून घेतलं, मुलीला बालकल्याण समितीपुढे नेलं. दुसऱ्या दिवशी 'बालविवाह रोखला' अशी बातमी आली. मी ते कात्रण कापून ठेवलं. हे खोटं कशाला सांगू, मला अभिमान वाटला होता.

सात-आठ महिन्यांनी ती मला एका दवाखान्याच्या ओट्यावर भेटली. हातात हिरव्या बांगड्या, पोट दिसत होतं. परजिल्ह्यात मामाच्या गावी, पंधरा माणसांत, वाजंत्रीशिवाय लग्न लागलं होतं. दवाखान्यात तिने वय एकोणीस सांगितलं होतं. कुणी पढवलं ते विचारायची गरज नव्हती. खरं वय सांगितलं की पोक्सोखाली पोलिसांना कळवणं डॉक्टरला भाग असतं, नवरा आत जातो, आणि सासरचे तिलाच अपशकुनी ठरवतात. म्हणून अशा कितीतरी मुली तपासणीला येतच नाहीत, किंवा खोटं वय सांगून येतात. ज्या आकड्याने तिला वाचवायचं, तोच आकडा लपवून तिला औषध घ्यावं लागतं.

ती माझ्यावर चिडली नव्हती. तिने एवढंच विचारलं, "तवा लगन थांबवलं ना ताई, मंग त्याच्या म्होरं मी काय करायचं व्हतं?"

मला उत्तर नव्हतं. जवळच्या शाळेत पुढचा वर्ग नव्हता. मुलींना एसटीचा मोफत पास मिळतो, पण शाळेच्या वेळेला बस त्या फाट्यावर येत नव्हती. फी माफ होती, पण मुक्कामाची सोय नव्हती. आम्ही लग्न थांबवलं आणि तिला त्याच घरात, त्याच चुलीपुढे, वर गावभर झालेल्या बदनामीसकट सोडून आलो. ग्रामसेवकाला पुन्हा त्याच गावात घरपट्टी वसूल करायची होती. तो तरी किती वेळा जाणार? २००६ च्या कायद्याप्रमाणे ती वीस वर्षांची होईपर्यंत जिल्हा न्यायालयात जाऊन हे लग्न रद्द करून घेऊ शकते. पण रद्द करून तिने जायचं कुठे, हे त्या कायद्यात लिहिलेलं नाही.

आता याची दुसरी बाजू. अशाच एका गावात सतरा वर्षांच्या मुलीसाठी घरचे वर्षभर स्थळं बघत होते. तेव्हा तिचं वय कुणालाच अडलं नाही. ती दुसऱ्या जातीच्या मुलाबरोबर निघून गेली, आणि त्याच दिवशी ती 'अज्ञान बालिका' झाली. वडील शाळेचा दाखला घेऊन पोलीस ठाण्यात हजर! मुलगा पोक्सोखाली आत गेला, मुलगी घरी आणली गेली, आणि महिन्याभरात जातीतल्या एका मुलाशी तिचं लग्न लागलं. तेव्हा दाखला पुन्हा पेटीत गेला. सतरा वर्षांच्या मुलीने पळून जावं असं मी म्हणत नाही. पण वयाचा कायदा मुलीच्या हातात नसला की तो तिच्यावर ताबा ठेवणाऱ्यांच्या हातातलं हत्यार होतो, एवढं तरी आपण मान्य करायला हवं.

हा ताबा कायद्याच्या पुस्तकातही आहे. १९५६ चा हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा उघडा. कलम ६ मध्ये अज्ञान मुलांचे नैसर्गिक पालक कोण ते दिलं आहे : आधी बाप, त्याच्यामागून आई. आणि मुलगी विवाहित असेल तर? तिचा नवरा. एका कायद्याने जे लग्न गुन्हा ठरवलं, दुसऱ्या कायद्याने त्याच लग्नातल्या नवऱ्याला तिचा पालक नेमलं आहे. शंभर वर्षांपूर्वीचा नव्हे, संविधान आल्यानंतरचा हा कायदा आहे. आणि पंधरा वर्षांवरच्या बायकोवर नवऱ्याने केलेली बळजबरी बलात्कार मानायची नाही, हा अपवाद सर्वोच्च न्यायालयाने मोडायला २०१७ चा ऑक्टोबर उजाडावा लागला.

अशा वेळी सरकारने काय सुचवलं? मुलीच्या लग्नाचं वय २१ करू. डिसेंबर २०२१ मध्ये तसं विधेयक लोकसभेत मांडलं, ते समितीकडे गेलं आणि २०२४ मध्ये ती लोकसभा विसर्जित झाल्यावर बारगळलं. पण विचार बारगळलेला नाही, तो पुन्हा येईल. आपल्यातल्याही काही मैत्रिणींना तो पटतो. मुलगा-मुलगी समान हवेत, मुलीला शिकायला वेळ मिळेल, असं त्या म्हणतात. हेतू चांगला आहे, पण मला तो मान्य नाही. अठराची रेघ जिथे पाळली जात नाही तिथे एकवीसची कोण पाळणार? बदल होईल तो एवढाच : सही करून कर्ज घेऊ शकणारी, मत देऊन सरकार निवडू शकणारी वीस वर्षांची बाई आपल्या मर्जीने लग्न करायला मात्र अजून लहान ठरेल, आणि तिच्या बापाच्या हातात आणखी तीन वर्षं दाखला राहील. समानताच हवी तर मुलाचं वय १८ करा. विधी आयोगाने २०१८ च्या आपल्या चर्चापत्रात हेच सुचवलं होतं. नवरा बायकोपेक्षा मोठाच असला पाहिजे, हे तीन वर्षांचं अंतर कोणत्या शास्त्रात बसतं?

"मग अठराही काढून टाका म्हणता का?" असा प्रश्न मला विचारला जातो. मुळीच नाही. अठराची रेघ राहिलीच पाहिजे. माझं म्हणणं आहे की नुसत्या रेघेवर मुलगी उभी राहू शकत नाही, तिला पायाखाली जमीन लागते. माझंच उदाहरण देते. मी ज्या वयात दहावी झाले, त्या वयात माझ्या वर्गातल्या निम्म्या मुलींची लग्नं झाली. माझे वडील फार मोठे सुधारक होते असं नाही. त्यांना मुलींच्या वसतिगृहात माझ्यासाठी एक खाट मिळाली, इतकंच. त्या एका खाटेमुळे माझी चार वर्षं माझी राहिली. रखमाबाईंनी अकराव्या वर्षी झालेल्या लग्नात नांदायला नकार दिला, १८८७ मध्ये न्यायालयाने 'नांदायला जा, नाहीतर तुरुंगात' म्हटलं तेव्हा तुरुंग पत्करायची तयारी दाखवली, आणि पुढे त्या डॉक्टर झाल्या. त्यांच्या धैर्याला तोड नाही. पण प्रत्येक मुलीने रखमाबाईंइतकं धैर्य दाखवावं अशी अट घालणारा समाज स्वतः भित्रा असतो.

म्हणून मागण्या अशा असाव्यात असं मला वाटतं. शिक्षणाचा हक्क चौदाला न थांबता अठरापर्यंत न्या. शाळेचं वय आणि लग्नाचं वय यांच्यामध्ये एका दिवसाचंही अंतर नको. नववी ते बारावीच्या मुलींसाठी ऊसतोडीच्या हंगामात तालुक्या-तालुक्यात वसतिगृहं उघडा, टोळी निघायच्या आधी उघडा, नंतर नव्हे. कोयत्याचा हिशेब बंद करा. फडावरच्या प्रत्येक बाईचं नाव आणि मजुरी स्वतंत्र लिहा, म्हणजे जोडी जमवण्यासाठी सून आणायची गरजच उरणार नाही. थांबवलेल्या प्रत्येक लग्नानंतर मुलगी अठराची होईपर्यंत तिची जबाबदारी एका नेमलेल्या माणसावर असू द्या, आणि त्यासाठी पैसा द्या. लग्न झालेल्या, दिवस गेलेल्या मुलीला दवाखान्यात आधी उपचार मिळू देत. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२२ मध्ये गर्भपातासाठी आलेल्या अज्ञान मुलीची ओळख पोलिसांना न कळवण्याची मुभा डॉक्टरांना दिली. मूल ठेवणाऱ्या मुलीलाही तसंच अभय हवं. आणि पालकत्वाच्या कायद्यातलं नवऱ्याचं ते कलम खोडून टाका.

यातली एकही मागणी पोस्टरवर मावत नाही, हे मला माहीत आहे. म्हणूनच आपापल्या गटात एकदा बायकांना तो प्रश्न विचारून बघा : मुलगी मोठी कधी होते? जी उत्तरं येतील ती न सुधारता, त्यांच्याच शब्दांत लिहून अंकाकडे पाठवा. पुढच्या हंगामात टोळ्या निघायच्या आत जिल्हाधिकाऱ्यांकडे आणि साखर कारखान्यांकडे जायचं आहे. तेव्हा आपल्या हातात अठराचा आकडा तर असेलच, चौदापासूनचा हिशेबही असायला हवा.